बहिष्कार पाहिलेली खुर्ची

मी एक जुनी सलूनची खुर्ची आहे. सध्या मी दुकानाच्या कोपऱ्यात उभी असते आणि माझ्या मांडीवर जुन्या मासिकांचा ढीग असतो. येणारे-जाणारे मला वळसा घालून जातात. कुणी म्हणते, "केवढी जड आहे ही, भंगारात द्या." मित्रांनो, त्या बोलण्याने मला आता काही होत नाही. मी आयुष्यात एकदा असा हादरा खाल्ला आहे की त्यानंतर कशानेच दचकायला होत नाही. तीच हकीकत तुम्हाला सांगते.

माझा जन्म एका ओतशाळेत झाला. वितळलेले लोखंड वाळूच्या साच्यात ओतून माझा गोल पाय घडवला. त्यावर फिरती बैठक बसवली, शिसवी लाकडाचे हात लावले, मागे डोके टेकायला उशी दिली आणि बाजूला एक खटका ठेवला. तो दाबला की मी मागे झुकते. बैलगाडीतून, मग आगगाडीतून, मग एका बोटीतून मी या गावात आले. बोट धक्क्याला लागली तेव्हा मला उतरवायला हमाल पुढे आले आणि त्यांच्यापुढे धावत आले माझे मालक.

माझे मालक केस कापायचे. सारे गाव त्यांना दादा म्हणत असे. अंगाने किरकोळ, बोलायला मोजके, पण हात असा हलका की वस्तरा गालावरून फिरला तरी माणसाला झोप लागावी. दुकान गावाच्या तिठ्यावर होते. दारासमोरून एक रस्ता नदीच्या धक्क्याकडे जाई आणि दुसरा लांबच्या जुन्या पुलाकडे. दादांनी मला मोठ्या आरशासमोर बसवले. त्यामुळे माझी पाठ रस्त्याकडे असली तरी रस्त्यावरचे सगळे मला आरशात दिसे.

मागच्या दोन खोल्यांत दादांचे घर होते. त्यांच्या बायकोला सगळे वहिनी म्हणत. मुलगी शाळेत जायची. तिची जीभ क्षणभर स्वस्थ बसत नसे, म्हणून तिचे नाव चिमणी पडले होते. आणि दादांची म्हातारी आई होती. तिला डोळ्यांनी कमी दिसायचे, पण दुकानातले टॉवेल तीच घडी घालायची. कडेला कड अशी जुळलेली असे की डोळस माणसाने लाजावे.

ती माझी सुखाची वर्षे होती. नवरदेव माझ्यावर बसले, परीक्षेला निघालेली मुले बसली. लहान मुलांसाठी दादा माझ्या हातांवर आडवी फळी टाकत. "काय खुर्ची आहे," असे म्हणून माणसे मला गोल फिरवून पाहत. मी मनातल्या मनात फुलून जात असे.

फक्त एक गोष्ट होती. दुकानाबाहेर, भिंतीला लागून, एक लाकडी बाकडे होते. नदीकाठी कातडी कमावण्याचा कारखाना होता. तिथले कामगार आले की ते त्या बाकड्यावर बसत आणि दादा बाहेर जाऊन त्यांची दाढी करत. "त्यांच्या अंगाला वास येतो, आतली गिऱ्हाइकं तुटतात," एवढेच कारण कधीतरी माझ्या कानावर आले होते. त्यात काही वावगे आहे असे तेव्हा कुणालाच वाटत नव्हते. मलाही नाही.

त्या कामगारांत एक उंच, हडकुळा माणूस होता. त्याला सगळे लंबू म्हणत. माझे पहिले कातडे फाटले तेव्हा नवे कातडे त्यानेच कमावून आणले. दादांनी ते माझ्यावर ताणून खिळे ठोकले. लंबूने दारातूनच हात लांब करून ते एकदा दाबून पाहिले, म्हणाला, "मऊ आलंय," आणि बाहेर बाकड्यावर जाऊन दाढीसाठी मान वर करून बसला.

आता बोटीबद्दल सांगते, कारण सगळे तिथूनच सुरू झाले. नदी ओलांडायला एका कंपनीची बोट होती. दवाखाना, मोठा बाजार, स्मशान, सगळे पलीकडच्या काठावर. पूल होता, पण तो नदीच्या वरच्या अंगाला, फार लांब. त्यामुळे सगळे बोटीनेच जात. बोटीला वरच्या मजल्यावर बाके होती, वारा होता. खाली इंजिनाशेजारी धूर आणि तेलाचा वास. तिकीट सगळ्यांना सारखेच. पण कातडी कारखान्यातल्या माणसांनी आणि त्यांच्या घरच्यांनी खालीच उभे राहायचे, असा कंपनीचा नियम होता.

कंपनीचे मॅनेजरसाहेब दर आठवड्याला दाढीला येत. त्या दिवशीही ते माझ्यावर बसले होते. दादांनी उजवा गाल साफ केला होता. डाव्या गालावर पांढरा फेस तसाच होता. इतक्यात समोरचा किराणा दुकानदार दारात आला. त्याचा चेहरा उतरलेला होता.

"दादा, ऐकलंत का? लंबूची आई गेली."

"गेली म्हणजे?" दादांचा वस्तरा थांबला.

"काल दवाखान्यातून परत येत होती. छातीचं दुखणं. खालच्या धुरात जीव गुदमरला म्हणून वर बाकावर जाऊन बसली. तिकीटवाल्याने तिला उठवलं. ती उठेना, तर मधल्या वाळूच्या बेटावर उतरवून दिलं. म्हणे, परतीच्या फेरीला घेऊ. आणि विसरले. दिवसभर उन्हात पडून होती. वाळू भरणाऱ्यांनी संध्याकाळी पाहिलं तेव्हा बोलताही येत नव्हतं तिला. आज सकाळी गेली."

माझ्या अंगातला एकेक खिळा गार पडला.  मग मॅनेजरसाहेबांनी आरशात पाहूनच सांगितले, "वाईट झालं. पण नियम नियम असतो. तिकीटवाल्याने आपलं काम केलं. चला, आटपा."

दादांनी वस्तरा मिटवला. टॉवेल घेऊन साहेबांच्या गालावरचा फेस पुसला. सावकाश, नीट पुसला. मग माझा खटका सोडला आणि मी ताठ झाले.

"साहेब, उठा."

"म्हणजे काय? अर्धी राहिलीय."

"अर्धीच राहील. माझ्या हातून आता पुढचं होणार नाही."

साहेब अर्ध्या दाढीने रस्त्यावरून चालत गेले. लोक दारादारात उभे राहून बघत होते. कुणी हसले नाही.  

दुसऱ्याच दिवशी दुकानात बैठक भरली. शाळेतले मास्तर आले, किराणावाला आला, गावातले आणखी बरेच जण आले. लंबू बाहेरच्या बाकड्यावर बसला होता. मास्तर म्हणाले, "दगड मारायचे नाहीत, बोट फोडायची नाही. बोटीत चढायचंच नाही. कुणीही नाही. आणि कंपनीच्या साहेबांना गावातून काही मिळणार नाही. दूध नाही, भाजी नाही, धुणं नाही."

सगळ्यांनी माना हलवल्या. तेव्हा बाहेरून लंबूचा आवाज आला. तो आवाज चढवून बोलत नव्हता.

"बोटीवर आम्ही खाली उभं राहायचं नाही, असं ठरवताय. बरं आहे. पण मी हे सगळं बाहेरून ऐकतोय."

 सगळ्यांच्या नजरा जमिनीकडे गेल्या. दादा बाहेर गेले. लंबूचा हात धरून त्याला आत आणले आणि माझ्यासमोर उभे केले. लंबू बसेना. दादा म्हणाले, "बस रे. कातडं तुझंच आहे." तो बसला, पण अगदी कडेला, जणू मी तापलेली आहे. मग सावकाश मागे टेकला. त्याची पाठ माझ्या पाठीला लागली तेव्हा मला कळले की हे कातडे ज्याच्या हातून आले तो त्यावर पहिल्यांदाच बसतो आहे. इतकी वर्षे मला ते सुचलेही नव्हते, याचा मला धक्का बसला. त्याच दिवशी दादांनी कुऱ्हाडीने ते बाकडे फोडले आणि वहिनींनी ते चुलीत घातले.

मग सुरू झाले चालणे. सकाळी अंधार फिटला की माझ्या आरशात माणसांची रांग दिसे. कामावर जाणारे, बाजाराला जाणाऱ्या बायका, पाठीवर मूल घेतलेली आई, सगळे पुलाच्या रस्त्याने. धक्क्याकडचा रस्ता ओस पडला. बोट वेळेवर सुटायची, शिटी वाजवायची आणि रिकामीच पलीकडे जायची. ती शिटी आधी रुबाबदार वाटायची. पुढे पुढे ती केविलवाणी वाटू लागली.

दुकानात आता गर्दी वाढली, कारण लढा चालवायला गावाने जी समिती नेमली तिची जागा तीच झाली. मास्तर माझ्यावर बसत आणि दाढी होईस्तोवर गोष्टी सांगत. त्यांनीच सांगितले की एका बेटावरच्या देशात जमीनदाराचा एक कारभारी होता. तो गरीब कुळांना घराबाहेर काढायचा. कुळांनी त्याच्या अंगाला बोटही लावले नाही. त्याचे पीक कापायला कुणी गेले नाही, त्याचे कपडे कुणी धुतले नाहीत, दुकानदाराने त्याला माल दिला नाही. शेवटी तो देश सोडून गेला आणि त्याच्या आडनावाचाच तिथल्या भाषेत बहिष्कारासाठी शब्द झाला. त्याच्याही आधी, एका देशातल्या बायकांनी घरात साखर आणणे सोडले होते, कारण त्या साखरेचा ऊस गुलामांना राबवून पिकवला जात होता. एका पारतंत्र्यातल्या देशाने राज्यकर्त्यांच्या गिरण्यांचे कापड अंगावरून उतरवले. आणि एका शहरात लोक वर्षाहून जास्त काळ बसमध्ये चढले नाहीत, कारण कातडीच्या रंगावरून मागे बसा म्हणत होते.

"म्हणजे नुसतं नाही म्हणायचं?" चिमणीने एकदा विचारले.

"नुसतं नाही," मास्तर म्हणाले. "सगळ्यांनी मिळून नाही. एकट्याचं नाही कुणाला ऐकू येत नाही."

दादांनी हे सगळे मनापासून ऐकले होते. त्यांच्या चपला झिजल्या, टाचा फुटल्या, पण पलीकडे जायचे झाले की ते पुलानेच गेले. हे मी मुद्दाम सांगते, कारण पुढे जे घडले ते ऐकताना तुम्ही हे विसरू नये.

उन्हाळ्याच्या भरात एका दुपारी दारात एक बाई उभी राहिली. अंगावर चांगली साडी होती, पण चेहरा रडून सुजलेला. कडेवर एक लहान मूल. ती मॅनेजरसाहेबांची बायको होती. मुलाच्या डोक्यात गळवे झाली होती. केसांत पू सुकून चिकटला होता, माशा बसत होत्या. डॉक्टरांनी सांगितले होते, आधी डोके भादरा, मग औषध लावता येईल.

"मी घरी प्रयत्न केला," ती म्हणाली. "हात लावला की ते किंचाळतं. रक्त आलं. मला जमत नाही हो."

दादा वस्तरा हातात धरून नुसते उभे राहिले. समोरचा किराणावाला दुकानातून पाहत होता. समितीने ठरवले होते, साहेबांच्या घराला गावातून काही मिळणार नाही. मागच्या खोलीतून टॉवेल घेऊन दादांची आई बाहेर आली. तिने चाचपडत त्या मुलाच्या कपाळावर हात ठेवला.

"तापलंय रे हे," ती दादांना म्हणाली. "बोट कुणाची आहे ते याच्या डोक्याला काय ठाऊक? फळी टाक."

दादांनी फळी टाकली. दार उघडेच ठेवले. कोमट पाण्याने केस भिजवत, थांबत, फुंकर घालत त्यांनी ते डोके साफ केले. मूल सुरुवातीला रडले, मग म्हातारीचे बोट धरून गप्प बसले. बाई पैसे देऊ लागली तेव्हा दादा म्हणाले, "नको. आणि साहेबांना सांगा, दाढीला येऊ नका. ते अजून बंदच आहे."

मला वाटले, यात कुणाला काय वाटायचे? मित्रांनो, मी किती भोळी होते.

दुसऱ्या दिवशी मास्तर आले. उंबऱ्याबाहेरच उभे राहिले.

"या मास्तर, बसा," दादांनी टॉवेल झटकला.

"बसत नाही. उभ्यानेच सांगतो. काल बैठक झाली. तुम्ही फूट पाडलीत असं सगळ्यांचं म्हणणं पडलं. उद्यापासून तुमच्या दुकानात कुणी येणार नाही. तुम्हाला कुणी काही विकणार नाही. तुमच्याशी कुणी बोलणार नाही."

"अहो, पण पोर होतं ते."

"मी तेच म्हणालो."

"मग?"

"मी एकटाच म्हणालो." मास्तरांची नजर माझ्यावर होती, दादांवर नव्हती. "लढा मोठा आहे, दादा. आज एकाला सूट दिली तर उद्या दहा जण मागतील." एवढे बोलून ते गेले.

माझा विश्वासच बसेना. काल जे कुणाच्या अंगाला हात न लावता बलाढ्य कंपनीला वाकवणारे हत्यार होते, तेच आज या चार माणसांच्या घरावर रोखले होते. आणि कंपनीकडे पैसा होता, दुसऱ्या गावाहून माल आणायला गाड्या होत्या. दादांकडे काय होते? एक आरसा, एक वस्तरा आणि मी.

दुकान उघडायचे. दादा माझे हात पुसायचे, पितळेला चकाकी आणायचे, वस्तरा पट्ट्यावर परजायचे आणि बसून राहायचे. आरशात माणसे दिसायची. ज्यांची जावळे माझ्यावर उतरली ती माणसे मान फिरवून जायची. केस वाढलेले, दाढ्या वाढलेल्या, पण आत कुणी येईना. वहिनी समोरच्या किराणा दुकानात गेल्या तर दुकानदार त्यांच्या मागच्या गिऱ्हाइकाला विचारी, "बोला, काय देऊ?" जणू वहिनी तिथे नाहीतच. त्या पिशवी हातात धरून उभ्या राहिल्या, राहिल्या आणि रिकाम्या परतल्या. चिमणी शाळेतून आली की गप्प बसायची. तिच्या बाकावर कुणी बसत नाही, हे तिने आईला सांगितले नाही, मला सांगितले. माझ्यावर पाय वर घेऊन बसली आणि आरशातल्या स्वतःशी हळू बोलली, "कुणीच नाही बोललं." तिच्या चिवचिवाटाला कंटाळणारी मी, त्या शांततेने घाबरले.

फक्त कातडी कारखान्यातली काही माणसे मागच्या दाराने थोडे पीठ, थोडी भाजी ठेवून जात. समोरून यायची त्यांनाही भीती होती. ज्यांच्यासाठी लढा होता त्यांनाही.

आणि अशातच म्हातारी गेली. सकाळी टॉवेलांची घडी घालता घालता मान कलली. अर्धी चळत नीट रचलेली, शेवटचा टॉवेल मांडीवर उघडाच. दादांनी हाक मारली. मग वहिनींनी. मग चिमणीने जी हाक मारली ती मी सांगू शकत नाही.

वहिनी दारात जाऊन उभ्या राहिल्या. रडण्याचा आवाज सगळ्या तिठ्यावर गेला होता. खिडक्या उघडल्या होत्या. पण कुणी आले नाही. ऊन चढत गेले. मित्रांनो, मला पाय असते तर मी त्या दिवशी चालत रस्त्यावर गेले असते. माझा पाय एकच, तोही जमिनीला खिळलेला. माणसांना दोन-दोन पाय होते आणि तेही खिळल्यासारखे घरात बसले होते.

तेवढ्यात रस्त्याच्या टोकाकडून एक उंच माणूस येताना आरशात दिसला. लंबू होता. भर रस्त्याने, पुढच्या दाराने तो आत आला. कामावरून तसाच निघाला होता, हातांना रंग लागलेला. समोरचा किराणावाला त्याला म्हणाला, "अरे, समितीने ठरवलंय ना."

लंबू वळला. "माझ्या आईसाठी ठरवलं होतं तुम्ही. ही पण आईच आहे."

त्याने बांबू आणले, दोरी बांधली. तिरडी तयार झाली. पण खांदे मोजले तर दादा, लंबू, वहिनी आणि चिमणी. लंबूची उंची आणि चिमणीची उंची. तिरडी कलू नये म्हणून वहिनींनी चिमणीच्या खांद्यावर दुकानातले टॉवेल एकावर एक ठेवले, म्हातारीनेच घडी घातलेले.

ते उचलणार इतक्यात बोटीवरचा खलाशी धावत आला. "साहेबांनी सांगितलंय, बोट थांबवून ठेवलीय. वरच्या मजल्यावरून न्या. तिकीट नको, काही नको. पोराचं डोकं बरं झालंय, तेवढं सांगा म्हणाले."

सगळा तिठा ऐकत होता. स्मशान पलीकडच्या काठावर. बोटीने गेले तर अगदी जवळ. पुलाने गेले तर या चौघांच्या खांद्यांनी, त्या उन्हात, कसे जमणार होते? आणि ज्या गावाने यांना टाकले होते, त्या गावाचा शब्द यांनी का पाळायचा?

दादा म्हणाले, "साहेबांना सांग, पोर बरं झालं, ऐकून बरं वाटलं. पण आई बोटीत बसणार नाही."

ते निघाले. मी आरशात पाहत होते. आरशात डाव्याचे उजवे होते, आणि माझे मन ठिकाणावर नव्हते, म्हणून क्षणभर मला वाटले की ते धक्क्याकडेच वळले.  मग लक्षात आले, ते पुलाकडे वळले होते. चार वेडीवाकडी पावले, एक लहान मुलगी खांद्यावर टॉवेल घेऊन, आणि मागे कुणी नाही.

पुढचे मी पाहिले नाही. चिमणीने नंतर सांगितले. आधी दारे उघडली. मग माणसे पायऱ्यांवर आली. मास्तर शाळेतून धावत आले, हाताला खडू तसाच. त्यांनी चिमणीच्या खांद्याखाली हात घातला, "दे बेटा, मी घेतो." चिमणीने जागा सोडली नाही. मग मास्तर मागून चालू लागले. त्यांच्या मागे आणखी माणसे. पुलापर्यंत पोहोचेतो अर्धे गाव मागे होते. कुणी पुढे होऊन खांदा मागितला की वहिनी म्हणत, "नको. इथवर आणलं, पुढंही नेऊ." फक्त कातडी कारखान्यातल्या माणसांना त्यांनी खांदा दिला. बाकी सगळे गाव रिकाम्या हातांनी चालत राहिले. चिमणी म्हणाली, एवढी माणसे आणि पावलांशिवाय कसलाच आवाज नाही.

त्याच दिवशी दादांवरचा बहिष्कार उठला. बोटीवरचा मात्र आणखी कडक झाला. आता कुणाला सांगावे लागत नव्हते. थंडी संपताना कंपनीने हात टेकले. नियम गेला, तिकीटवाला गेला, मॅनेजरसाहेबांचीही बदली झाली. पहिल्या फेरीला लंबू वरच्या बाकावर बसला. लोक टाळ्या वाजवत होते. तो मधल्या वाळूच्या बेटाकडे पाहत होता, असे सांगतात.

दुकानात पुन्हा रांग लागली. दादा सगळ्यांचे केस कापत, कुणाला काही बोलत नसत. मास्तरही आले, माझ्यावर बसले. म्हणाले, "दादा, त्या सकाळी मी खिडकीत उभा होतो. रडणं ऐकू येत होतं. मी वाट पाहत होतो, आधी कुणीतरी निघेल म्हणून."

दादा त्यांच्या गालाला फेस लावत म्हणाले, "मान जरा वर करा, मास्तर." एवढेच. त्यापेक्षा त्यांनी चार शब्द सुनावले असते तर मास्तरांना सोपे गेले असते, असे मला वाटले.

किराणावालाही यायचा. दादा त्याचीही दाढी तितक्याच हलक्या हाताने करायचे. पण वहिनी त्या दुकानाची पायरी पुन्हा कधी चढल्या नाहीत. मिठासाठीसुद्धा त्या पलीकडच्या बाजारात जात. चिमणीच्या लग्नात त्याने साखरेचे पोते पाठवले. वहिनींनी ते तसेच परत पाठवले. दादा म्हणाले, "झालं गेलं सोड ना." वहिनी म्हणाल्या, "तुम्ही सोडा. मी तिथं पिशवी घेऊन उभी होते." एकाच घरात ही दोन उत्तरे होती. कुणाचे बरोबर, हे मला आजवर ठरवता आलेले नाही.

दादा गेले, वहिनी गेल्या. आता दुकान चिमणी चालवते. तिचेही केस पिकले आहेत. तिने नव्या, वर-खाली होणाऱ्या खुर्च्या आणल्या. मला टाकायचे म्हटले की मात्र ती ऐकून न ऐकल्यासारखे करते.

परवा शाळेतल्या दोन मुली केस कापायला आल्या. एकीची पाळी येईतो ती मासिके बाजूला सारून माझ्यावर बसली आणि दुसरीला सांगू लागली, "आम्ही वर्गात एकीवर बहिष्कार टाकलाय. तिने बाईंना आमचं नाव सांगितलं. आता तिच्याशी कुणी बोलत नाही, डबा खायला कुणी घेत नाही."

चिमणीची कात्री थांबली.

"तू ठरवलंस का हे?"

"नाही. सगळ्यांनी ठरवलं."

"आणि तुला काय वाटतं?"

मुलगी पाय हलवत राहिली. मग म्हणाली, "काल ती नळापाशी एकटीच डबा खात होती. मी पाहिलं. पण मी एकटी काय करणार?"

चिमणी तिच्याजवळ आली, माझ्या हातावर हात ठेवून वाकली. "जो तुम्हाला चिरडतो, ज्याच्या ताब्यात बोट असते, त्याला सगळ्यांनी मिळून नाही म्हणायचं. आम्ही तसं चाललोय, पाय सुजेपर्यंत. पण जिच्याकडे डबा खायला दुसरं कुणी नाही, तिला सगळ्यांनी मिळून एकटं पाडायचं, त्याला मी बहिष्कार म्हणत नाही."

"मग काय म्हणतात?"

चिमणी कात्री घेऊन पुन्हा दुसरीच्या केसांकडे वळली. 

मित्रांनो, माझी तुमच्याकडे एक विनंती आहे. अन्यायापुढे नाही म्हणायला घाबरू नका. ते नाही फार मोठे असते, त्याने बोटी थांबतात. पण ते म्हणताना एकदा मागे वळून पाहा, दाराबाहेर कुणाला उभे केले आहे ते. माझे कातडे फाटले आहे, खटका अडकतो, पण माझा पाय अजून पक्का आहे. ज्याला कुठेच बसू देत नाहीत असे कुणी तुम्हाला दिसले, तर त्याला माझ्याकडे पाठवा. मासिके खाली ठेवली की जागा होते.